नमुना 1-ई मधलं नाव

मराठवाड्यातल्या गावात गायरान कुठून सुरू होतं हे कुणाला विचारावं लागत नाही. ओढ्याकाठची काळी संपते, मग मध्यम रान लागतं, आणि चढ चढू लागलं की पायाखाली मुरूम करकरतो. तरवड, घाणेरी, बोरी-बाभळी, मधेच उघडा पडलेला पानदगड. बोट-चार बोटं माती, तिच्याखाली खडक. गावच्या वाटणीत जे कुणालाच नको होतं ते गुरांसाठी सुटलं. बीड, जालना, परभणी, लातूर, धाराशिव या जिल्ह्यांत अशा माळांवर बौद्ध, मातंग, पारधी आणि इतर भूमिहीन घरं दोन-दोन, तीन-तीन पिढ्या पेरत आली आहेत. त्यांच्याजवळ सातबारा नाही. फार तर गाव नमुना 1-ई मध्ये, म्हणजे अतिक्रमणाच्या नोंदवहीत, एखाद्या वर्षी नाव लागलेलं असतं. ज्या वहीत चूक म्हणून नाव येतं, तीच वही पुढे हक्काचा पुरावा ठरते. गायरानाच्या लढ्याची सगळी ओढाताण या वहीभोवती चालते.

खेड्यातल्या जातीबद्दल बोलताना आपण पाणवठा, देऊळ, स्मशान, वरात यांबद्दल बोलतो आणि ते बोलायलाच हवं. पण वरात अडवली म्हणून पोलिसांत जाणाऱ्या माणसाला दुसऱ्या दिवशी मजुरीला कुणाच्या रानात जायचं, हा प्रश्न सुटत नाही तोवर तक्रार करण्याचं बळ येत नाही. देशात अनुसूचित जातींची लोकसंख्या 2011 च्या जनगणनेप्रमाणे 16.6 टक्के आहे, आणि 2015-16 च्या कृषी गणनेत त्यांच्या कसणुकीखालची जमीन जवळपास 9 टक्के. ही तफावत आळसातून आलेली नाही आणि गरिबीतून आपोआपही आलेली नाही. जमीन धारण करण्याचा हक्कच जातीने ठरत होता, त्याचा हा शिल्लक राहिलेला हिशेब आहे.

ज्यांच्याकडे थोडी जमीन होती तीही चाकरीच्या दावणीला बांधलेली होती. जुन्या मुंबई इलाख्यात 1874 च्या वतन कायद्याखाली महार वतनाची जमीन म्हणजे रात्रंदिवस सरकारची आणि गावाची कामं करण्याचा मोबदला. सांगावा नेणं, मेलेलं जनावर ओढणं, साहेबाचं सामान वाहणं. बाबासाहेबांनी 19 मार्च 1928 रोजी मुंबई विधिमंडळात या कायद्यात दुरुस्ती सुचवणारं विधेयक मांडलं ते याच वेठीतून माणूस सुटावा म्हणून. ते पार पडलं नाही. कनिष्ठ वतनं रद्द करणारा कायदा यायला 1958 उजाडलं. त्यातही जमीन परत मिळण्यासाठी आकारणीच्या तिप्पट रक्कम भरायची होती, आणि मिळाली तरी ती जिल्हाधिकाऱ्यांच्या परवानगीशिवाय विकता किंवा सरसनिरस वाटून घेता येणार नव्हती. अनेकांच्या जमिनी तोवर सावकाराकडे किंवा पाटलाकडे गेलेल्याच होत्या.

म्हणून नजर गायरानाकडे वळली. 1953 मध्ये मराठवाड्यात भूमिहीनांचा सत्याग्रह झाला. 1959 मध्ये आणि पुन्हा 6 डिसेंबर 1964 पासून दादासाहेब गायकवाडांच्या नेतृत्वाखाली पडीक सरकारी जमिनी भूमिहीनांना द्या या मागणीसाठी लोकांनी तुरुंग भरले. पुढच्या काळात एकनाथ आवाड यांच्या मानवी हक्क अभियानाने बीड आणि आसपासच्या जिल्ह्यांत गायरान कसणाऱ्यांना एकत्र बांधलं. भूमिहीनांच्या या लांबलेल्या लढ्यात दोन शासन निर्णय निघाले, ज्यांच्या तारखा गायरान कसणाऱ्या निरक्षर म्हातारीलाही तोंडपाठ असतात: 27 डिसेंबर 1978 आणि 28 नोव्हेंबर 1991. पहिल्याने 31 मार्च 1978 पर्यंतची अतिक्रमणं नियमानुकूल, म्हणजे कसणाऱ्याच्या नावावर, करायची ठरवली, दुसऱ्याने 14 एप्रिल 1990 पर्यंतची. दुसरी तारीख बाबासाहेबांच्या जन्मशताब्दी वर्षाच्या सुरुवातीची. 1978 हे साल मराठवाड्यासाठी आणखी एका कारणाने जड आहे. त्या जुलैअखेर विद्यापीठाच्या नामांतराचा ठराव झाला आणि खेड्यापाड्यांत दलित वस्त्या जाळल्या गेल्या. घर जळालेल्या माणसाला पाच महिन्यांनी निघालेला शासन निर्णय कुणी वाचून दाखवला असेल, याचा विचार केल्याशिवाय त्या निर्णयाच्या अंमलबजावणीचं मोजमाप होऊ शकत नाही.

कागदाकडे वळण्याआधी माळाचं रान कसं होतं ते पाहायला हवं, कारण "फुकटात जमीन लाटली" असं म्हणणाऱ्यांनी ते काम कधी पाहिलेलं नसतं. पहिल्या उन्हाळ्यात झुडपं खणून काढायची; नुसती छाटली तर घाणेरी आणि बोर पावसाळ्यात दुप्पट फुटतात. मग दगडवेचणी. हे काम बहुतेक बायका आणि मुलांचं. वेचलेला दगड उताराला आडवा रचायचा, म्हणजे त्याचा बांध होतो आणि वरची चार बोटं माती पहिल्याच पावसात ओढ्याला जात नाही. खोल नांगरट करायची नाही, मुरूम वर येतो; नुसता वखर फिरवायचा. पहिल्या दोन वर्षांत हुलगा, मटकी, तीळ, बाजरी. तिसऱ्या-चौथ्या वर्षी तूर आणि हायब्रीड ज्वारी. गावतळ्याचा गाळ चार ट्रॉल्या पसरायला मिळाला तर कापूस, पण गाळ कुणाच्या रानात आधी पडेल हे ग्रामपंचायतीत ठरतं. हलक्या रानात चांगल्या पावसाची बाजरी एकरी दोन-तीन क्विंटल. पाच माणसांच्या घराला वर्षाचं धान्य पाच-सहा क्विंटल लागतं. म्हणजे दोन एकर माळ ही वर्षाची भाकर झाली, त्याहून जास्त काही नाही.

गावाला खुपते ती हीच भाकर. मृग लागला की सगळीकडे एकाच आठवड्यात पेरणी असते, आणि गायरानधारक आधी स्वतःचं पेरतो. ज्याच्या दारात पहाटे हाक मारली की माणूस मिळायचा, त्या दारात उत्तर येतं, "आमचं उरकलं की येतो." सालगड्याच्या बोलीत फरक पडतो. बाई गवताचा भारा आणायला दुसऱ्याच्या बांधावर जात नाही, त्यामुळे बांधावर ऐकून घ्यावे लागणारे शब्द, आणि शब्दांपलीकडचंही पुष्कळ काही, टळतं. काही घरांतली मुलं दिवाळीनंतर ऊसतोडीच्या कोयत्यावर न जाता शाळेत टिकतात. गुरांच्या चराईचं कारण पुढे केलं जातं, पण ट्रॅक्टर आल्यापासून बैलजोड्या कमी झाल्या आहेत आणि दुभती जनावरं बहुतेक गोठ्यातच बांधून असतात. चराईचा प्रश्न खरा आहे तो धनगर मेंढपाळांचा. त्यांच्याकडेही जमीन नसते, आणि कळप माळावरच जगतो. हा ताण नाकारून चालणार नाही. मेंढपाळांसाठी चराईचा पट्टा राखून बाकीचं रान वाटता येतं, पण अशी बैठक बोलावण्यात गावच्या पुढाऱ्यांना रस नसतो. दोन भूमिहीन एकमेकांसमोर उभे राहिले की तिसऱ्याचं निभावतं.

तिसऱ्याचं अतिक्रमण कसं दिसत नाही, त्याचा हिशेब मांडू. गायरानाला लागून ज्याचं रान आहे, तो दरवर्षी नांगरताना बांधाचं एक तास, म्हणजे नांगराची एक ओळ, आत घेतो. धरा एक फूट. बांध 200 मीटर लांब असेल तर एका वर्षात सुमारे 61 चौरस मीटर. 30 वर्षांत 1,830 चौरस मीटर, म्हणजे 18 गुंठे, जवळजवळ अर्धा एकर. गायरानाच्या चारी बाजूंना असे दहा-बारा शेजारी असतील तर साडेचार-पाच एकर मोजणी न होताच सरकतात. याची नोंद 1-ई मध्ये येत नाही, कारण भूमी अभिलेखची मोजणी झाल्याशिवाय ते कळतच नाही आणि मोजणी कुणी मागत नाही. माळाच्या मधोमध कुडाची खोप घालून दोन एकर पेरणारी विधवा मात्र रस्त्यावरून दिसते. तिच्यावर ग्रामसभेत ठराव होतो.

आता ती वही. महाराष्ट्र जमीन महसूल संहितेचं कलम 50 अतिक्रमण काढण्याचं आणि दंडाचं, कलम 51 ते नियमानुकूल करण्याचं. नियमानुकूल होण्यासाठी कसणाऱ्याला दाखवावं लागतं की तो ठरावीक तारखेआधीपासून ताब्यात आहे, भूमिहीन आहे, मागासवर्गीय आहे. पुरावा म्हणून 1-ई चा उतारा, त्या वर्षांची पीकपाहणी, दंड भरल्याची पावती, पंचनामा. वाचायला सोपं. प्रत्यक्षात गाठ कुठे पडते? तलाठी पीकपाहणीला माळावर जात नाही, चावडीत बसून मागच्या वर्षीचं "गवतपड" पुढे ओढतो. गेला तरी नाव लिहिण्याआधी कुणाचा तरी शब्द घेतो. दंडाची रक्कम किरकोळ असते आणि लोक ती आनंदाने भरायला तयार असतात, कारण पावती हवी असते. नेमकी म्हणूनच पावती फाडली जात नाही. ज्यांच्याकडे 1985-86 च्या पावत्या होत्या, त्यांतल्या कित्येक गळक्या पत्र्याखाली भिजल्या. तहसीलच्या अभिलेख कक्षात नक्कल मागितली तर "जीर्ण, उपलब्ध नाही" असा शेरा मिळतो. अशा वेळी लेखी शेराच घ्यावा. नोंद नष्ट होणं हा कसणाऱ्याचा दोष नाही, हे पुढे अपिलात मांडता येतं. तोंडी उत्तर कुठेच मांडता येत नाही.

आदेश निघाला म्हणजेही सगळं संपलं नाही. कब्जेहक्काची रक्कम भरायची, मग फेरफार, मग मोजणी, मग हद्दीच्या खुणा. 120 एकरांच्या एकाच गटात 40 जणांना जमीन मंजूर होते, पण पोटहिस्से पडत नाहीत, त्यामुळे कुणाचा तुकडा कुठला हे कागदावर ठरत नाही आणि पुढची भांडणं गावाबाहेरच्या माणसाने न लावताही लागतात. सातबारा झाला तर भोगवटादार वर्ग 2, म्हणजे परवानगीशिवाय विकता न येणारी जमीन. तेवढ्यावरही पीककर्जाचं दार किलकिलं होतं, म्हणून लोक त्या वर्ग 2 साठी जीव टाकतात.

2021 पासून ई-पीक पाहणी मोबाईलवर आली. शेतकऱ्याने स्वतः बांधावर उभं राहून पिकाचा फोटो टाकायचा, कल्पना चांगली. पण ॲप खातेदाराला ओळखतं. गायरानाच्या गटाचा खातेदार सरकार आहे. पूर्वी एखादा भला तलाठी पेन्सिलीने का होईना कसणाऱ्याचं नाव लिहायचा, ती फट बुजली. नोंद नाही म्हणून पीकविमा नाही, गारपिटीची मदत नाही, खरेदी केंद्रावर तूर-कापूस घेत नाहीत आणि तोच माल खेडा-खरेदीवाल्याला कमी भावाने जातो. पीएम किसानचे वर्षाचे 6,000 रुपये नाहीत. कर्जाने पिचून कसणाऱ्याने जीव दिला तर शेतकरी आत्महत्येच्या 1 लाखाच्या मदतीसाठी तो शेतकरीच ठरत नाही. माणूस आयुष्यभर शेती करतो आणि मेल्यावर त्याचा धंदा कागदावर "मजूर" लागतो. हे वाचून ज्याच्या पोटात तुटत नाही त्याच्याशी समतेबद्दल काय बोलावं, मला कळत नाही.

उभ्या पिकात गुरं घालणं ही जुनी रीत. बहुधा रात्री, तूर फुलात असताना किंवा कणसं भरताना, आणि घरची माणसं ऊसतोडीला गेलेली असताना. ठाण्यात गेलं की पहिला प्रश्न, "सातबारा आहे का?" अनुसूचित जाती-जमाती अत्याचार प्रतिबंधक कायद्याचं कलम 3(1)(एफ) आणि (जी) नीट वाचलं तर मालकीची अट नाही, जमीन ताब्यात असणंही तिथे धरलं आहे, आणि पीक नष्ट करणं किंवा उचलून नेणं हा (जी) खाली सरळ गुन्हा आहे. तरी बरेचदा "गुरं चुकून शिरली" असं लिहून अदखलपात्र नोंद होते. 2018 मध्ये आलेल्या कलम 18-अ प्रमाणे गुन्हा नोंदवण्याआधी प्राथमिक चौकशीची गरज नाही. तपास उपअधीक्षक दर्जाच्या अधिकाऱ्याने करायचा आणि 60 दिवसांत दोषारोपपत्र न्यायालयात जायला हवं. (एफ) आणि (जी) खाली नुकसानभरपाई 1 लाख रुपये, शिवाय जमिनीचा ताबा सरकारी खर्चाने परत देण्याची तरतूद आहे.

केस टिकते की पडते हे पहिल्या 24 तासांवर ठरतं. पंचनामा त्याच दिवशी, तलाठी आणि कृषी सहायकाला बोलावून. किती गुंठ्यांतलं पीक गेलं, ते मोजून लिहायचं. "बरंचसं" हा शब्द पंचनाम्यात नको. खुरांचे ठसे कोणत्या बांधाकडून आले, गुरं बाहेर कुठून काढली, कुंपणाच्या काट्या मोडल्या की उचलून बाजूला ठेवल्या. उचलून ठेवल्या असतील तर गुरं चुकून शिरली नाहीत. एक सर आली की हे सगळं वाहून जातं. फिर्यादीत आरोपीला फिर्यादीची जात ठाऊक होती हे स्पष्ट यायला हवं, आणि जातीचा दाखला सोबत हवा. बहुतेक वेळा त्याच संध्याकाळी मारहाणीची किंवा दरोड्याची उलट फिर्याद दाखल होते. तिची तयारी ठेवून, जखमा असतील तर आधी सरकारी दवाखान्यात नोंद करून मगच ठाण्याची पायरी चढलेली बरी.

त्यानंतर बहिष्कार. तो जाहीर होत नाही. पिठाची गिरणी "बंद" असते, किराणावाल्याकडचं साखर-तेल "संपलेलं" असतं, जीप भरलेली असते, मजुरीला हाक येत नाही. अत्याचार कायद्यात हाही गुन्हा आहे, 3(1)(झेडसी). सिद्ध करायला अवघड, म्हणून तारीख, वेळ, दुकान आणि सोबत कोण होतं याची वही ठेवावी लागते. जिल्हाधिकाऱ्यांच्या अध्यक्षतेखालच्या दक्षता समितीची बैठक तीन महिन्यांतून एकदा व्हायला हवी. तिच्यासमोर ही वही ठेवता येते. खैरलांजीत 29 सप्टेंबर 2006 रोजी एका बौद्ध कुटुंबातले चौघे मारले गेले. त्या वैरामागे त्यांच्या पाच एकर शेतातून जाणाऱ्या वाटेचा वादही होता. न्यायालयाने शिक्षा दिल्या, पण अत्याचार कायदा लावला नाही. जमिनीचं भांडण आणि जातीचं भांडण खेड्यात वेगळं काढता येतं असं मानलं की काय होतं, ते तिथे दिसलं.

अलीकडे दडपण वरून येतं. जगपाल सिंग खटल्यात 28 जानेवारी 2011 रोजी सर्वोच्च न्यायालयाने गावच्या सामायिक जमिनींवरची अतिक्रमणं काढण्याचे आदेश दिले. राज्याने त्याच वर्षी जुलैत त्यावर शासन निर्णय काढला. ऑक्टोबर 2022 मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने वर्षअखेरपर्यंत गायरानं मोकळी करायला सांगितलं, आणि ऐन रब्बीत गावोगाव नोटिसा सुटल्या. त्यातच सौर प्रकल्पांसाठी गायरानं दिली जात आहेत. एका सकाळी मोजणीवाले येतात तेव्हा कसणाऱ्याला कळतं. विजेला जमीन लागते हे खरं. पण ज्या माळावरचे दगड एका बाईने दहा वर्षं वेचले, तो माळ कागदावर "रिक्त" कसा, हे तिला कुणीतरी समजावून सांगायला हवं.

सरकारकडे विकत घेऊन जमीन देण्याची योजनाही आहे. कर्मवीर दादासाहेब गायकवाड सबळीकरण व स्वाभिमान योजना, 2004 पासून. दारिद्र्यरेषेखालच्या भूमिहीनाला 4 एकर जिरायत किंवा 2 एकर बागायत, 2018 पासून पूर्ण अनुदानावर. जिरायतीला एकरी 5 लाख आणि बागायतीला 8 लाख ही कमाल मर्यादा ठरली. या भावात रस्त्यालगतची जमीन कुणी देत नाही. जी देऊ करतात ती पुन्हा माळाचीच. भाव वाढवला तरी "त्यांना" विकायची नाही असा गावचा अलिखित ठराव असतो. आधीच कसत असलेली जमीन नावावर करण्याला एवढा विरोध आणि नवी विकत मिळत नाही, अशा पेचात योजना अडते.

नोटीस आली तर घाबरून अंगठा देऊ नये. मुदतीत लेखी उत्तर द्यायचं. त्यात गट क्रमांक, क्षेत्र, चतुःसीमा, ताब्याचं साल, 1978 किंवा 1991 च्या शासन निर्णयाखालचा प्रलंबित दावा, आणि जगपाल सिंग निकालातच शासनाच्या अधिसूचनेखाली भूमिहीन मजूर किंवा अनुसूचित जाती-जमातींना दिलेल्या जमिनींचा अपवाद नमूद आहे, हे. सोबत मूळ कागद कधीही नाही, झेरॉक्सच. दुसऱ्या प्रतीवर तहसीलचा शिक्का आणि आवक क्रमांक.

राहिला नावाचा प्रश्न. 1-ई मध्ये नाव जवळजवळ नेहमी पुरुषाचं लागलेलं असतं. दगड वेचणारी ती, रात्री राखणीला खोपीत झोपणारी ती, आणि वहीत तो. सातबाऱ्याला वारस लागतात तसे 1-ई ला लावण्याची सरळ वहिवाट नाही, त्यामुळे नवरा वारला की ताब्याची साखळी तुटली असं लिहायला कार्यालय मोकळं होतं, आणि दीरही. यावर निघालेला मार्ग असा: मृत्यूचा दाखला, दोन जुन्या शेजाऱ्यांचं प्रतिज्ञापत्र, आणि येणाऱ्या पहिल्याच हंगामात पेरा उभा असताना तिच्या नावाने पंचनाम्याचा अर्ज. नवरा जिवंत असेल तर याच वर्षीच्या अर्जावर दोघांची नावं आणि दोघांच्या सह्या.